पहिला तुकडा रुसलेल्याला

माझी ताई माणसांना नापास करते आणि त्याचा तिला पगार मिळतो. गाडी चालवायचा परवाना काढायला आलेल्या माणसाच्या शेजारी ती बसते, तोंडातून अवाक्षर काढत नाही, आणि गाडी थांबली की म्हणते, ‘आरशात बघितलं नाहीत. पुन्हा या.’ चांगली धट्टीकट्टी माणसं तिच्यासमोर घामाघूम होतात. मलाही तिने एकदा नापास केलं. सख्ख्या बहिणीला! वर घरी येऊन आईला सांगते, ‘हिला ब्रेक कुठाय ते कळतं, राग कुठं थांबवायचा ते कळत नाही.’

तेव्हा ‘बाबांना आता एकटं ठेवता येणार नाही’ असं ताई म्हणाली, ते काही तिचं मत नव्हतं. निकाल लागलेला होता, फक्त आम्हाला कळवायचा राहिला होता.

कारण बाबांचं नाक. थंडीत त्यांना सणसणीत सर्दी झाली. सर्दी गेली, पण जाताना वास घेऊन गेली. डॉक्टर म्हणाले, येईल परत, नाहीतर नाही येणार. एवढं तर मीही सांगितलं असतं. बाबांनी पहिले काही दिवस कांदा हुंगून बघितला, फिनेल हुंगून बघितलं, माझी चप्पलसुद्धा हुंगली, मग सोडून दिलं. ‘या वयात हुंगण्यासारखं राहिलंय काय?’ म्हणाले.

मग एका दुपारी ताई स्वतःच्या किल्लीने दार उघडून आत आली तर घरभर गॅस. शेगडीचं एक बटण अर्धवट उघडं, आणि बाबा तिथंच स्वयंपाकघरात खुर्चीवर, मान टाकलेली, छातीवर पेपर. ताईने बटण बंद केलं, खिडक्या उघडल्या आणि बाबांना काखेत हात घालून ओढत अंगणात नेलं. बाबांचा डोळा लागला होता, एवढंच. अंगणात जाग आल्यावर त्यांनी विचारलं, ‘तू कधी आलीस? चहा घेतेस?’

ताईने चहा घेतला नाही. तिने घरी जाऊन फ्लॅटमधली मागची खोली रिकामी करायला घेतली.

मी धाकटी. दातांच्या लॅबमध्ये कवळ्या बनवते. दिवसभर लोकांच्या जबड्यांचे साचे हातात असल्यामुळे मला माणसाचं तोंड वाचता येतं. ते काय बोलतंय यापेक्षा कसं हलतंय ते आधी दिसतं. ताईचंच घ्या. खोटं बोलली की तोंडात काहीही नसताना ती उजव्या दाढेने चावते. लहानपणापासून. तिला हे माहीत नाही आणि मी सांगणारही नाही. एवढं एकच हत्यार माझ्याकडे आहे. बाबा मला ठिणगी म्हणतात. ‘गॅसच्या घरात ठिणगीला येऊ देता, त्याचं काही नाही?’ असं मी बाबांना विचारलं, तेव्हा ते हसले आणि ताई हसली नाही.

हे सगळं बाबांच्या जेवणाच्या टेबलाशी चाललं होतं. ताईने ठरलेलं सांगून टाकलं. खोली तयार आहे, खिडकी पूर्वेला आहे, लिफ्ट आहे. बाबा ऐकत राहिले. मी मात्र नाकपुड्या फुगवून बसले होते, कारण याच घरात त्यांनी उभा जन्म काढला. बाबा काचवाले. या भागातल्या अर्ध्या खिडक्यांच्या काचा त्यांनी बसवल्यात. रस्त्याने जाताना दुसरी माणसं देवळं नाहीतर दुकानं ओळखतात, आमचे बाबा खिडक्या ओळखतात. मागच्या अंगणात आईचं अंजिराचं झाड आहे आणि त्याच्यावर पाखरं बसू नयेत म्हणून बाबांनी आरशाचे उरलेले तुकडे दोऱ्याने टांगलेत. ते सगळं सोडून लिफ्ट.

‘मी झाकण्या करून दाखवला तर?’ बाबा एकदम म्हणाले.

झाकण्या म्हणजे काय ते सांगते. ताज्या अंजिरांचा तो भाजलेला पदार्थ, खाली मैद्याची पारी, मध्ये अंजिरं, वर मैद्याचंच झाकण. इंग्रजी पुस्तकात त्याला पाय म्हणतात. आईला ते नाव मंजूर नव्हतं. ‘पाहुण्यांच्या ताटात मी पाय वाढणार नाही,’ म्हणाली. म्हणून आमच्या घरी झाकण्या. अंजिरं पिकली की वर्षातून एकदा व्हायचा, आणि आईचा एक नियम होता: पहिला तुकडा रुसलेल्याला. जो कोणी त्या दिवशी कुणावर तरी धुसफुसत असेल, त्याच्या पुढ्यात ती न बोलता बशी ठेवायची. ‘मी रुसले नाही’ म्हणायची सोय नव्हती. ‘बरं, मग खा,’ एवढंच यायचं. आमच्या घरात कुणी रुसलेलं नाही असं एकाही वर्षी झालं नाही. आई गेली त्यानंतर झाकण्या झालाच नव्हता. अंजिरं आम्ही शेजारी वाटली, उरलेली पाखरांनी नेली.

‘झाकण्याचं काय?’ ताई म्हणाली.

‘ओव्हन पेटवायचा. वेळेवर बंद करायचा. काही जळू द्यायचं नाही, काही कच्चं ठेवायचं नाही, घर उडवायचं नाही. सगळं नाक नसताना. जमलं तर मी इथं राहीन आणि पुन्हा हा विषय निघणार नाही. नाही जमलं तर माझी बॅग मीच भरीन.’

मी टेबलाखालून बाबांच्या पायावर पाय दिला. त्यांना साधा पापड धड भाजता यायचा नाही. पण ताईपुढे परीक्षा म्हटलं की संपलं. ती ताठ बसली.

‘तुम्ही एकट्यांनी करायचा. ठिणगीने हात लावायचा नाही.’

‘तोंड लावलं तर चालेल?’ मी विचारलं.

‘तोंड तू लावणारच,’ ताई म्हणाली.

अंजिरं पिकायला लागली तशी मी लॅब सुटली की बाबांकडे जायला लागले. हात लावायचा नव्हता, म्हणून हात मागे बांधून उभी राहायची. माझ्यासारखीला याहून मोठी शिक्षा नाही.

पहिल्या वेळी बाबांनी मैद्यात लोणी घातलं, पाणी घातलं आणि मळायला घेतलं. काय मळलं म्हणून सांगू! तळहाताच्या टाचेने रेटायचे, घडी घालायचे, परत रेटायचे. खिडकीच्या चौकटीत काच बसवताना कडेने पुट्टी भरतात ना, ती आधी हातावर अशीच मळून मळून मऊ करावी लागते. तिला हाताची ऊब लागते. बाबांनी आयुष्यभर पुट्टी मळली, आता मैद्याची वेळ आली. गोळा इतका गुळगुळीत झाला की मी कौतुकच केलं. दोघेही अडाणी, दुसरं काय.

भाजून निघाल्यावर मी झाकणावर सुरी आपटली. टक्क असा आवाज आला.

‘थोडं कडक झालंय,’ बाबा म्हणाले.

‘बाबा, याने काच बसवली असतीत तर वादळात भिंत गेली असती, काच राहिली असती.’

तरी त्यांनी एक घास घेतला. चावले, थांबले, आणि तोंडावर हात धरून बेसिनकडे गेले. वरची कवळी सुटून आली होती. ती कवळी मी स्वतः बनवलेली आहे. ती अशी कशानेही सुटत नाही. मला झाकण्याचा इतका राग आला की तो उचलून मी मागच्या अंगणात ठेवला. पाखरांनी त्याच्याकडे ढुंकूनही बघितलं नाही.

मी कोपऱ्यावरच्या बेकरीवाल्या बाईंना विचारून आले. बाईंनी कपाळावर हात मारला. ‘मळला? अगं, मळायचा नसतो! लोणी गारच राहिलं पाहिजे, नुसतं बोटांनी मोडायचं, गोळा जेमतेम धरला की हात काढायचा.’ हे मी बाबांना सांगितलं. बाबा म्हणाले, मळल्याशिवाय धरेल कसा? मी म्हटलं, धरेल. ते म्हणाले, चिरा पडतील. अर्धा तास आमची हीच हुज्जत. शेवटी माझं डोकं फिरलं.

‘पुट्टी समजू नका हो! काच समजा! काच कशी धरता?’

बाबा आपल्या हातांकडे बघत म्हणाले, ‘कमीत कमी. कडेने. हात गार पाहिजेत. आणि डोक्यात दुसरा विचार नको.’

‘झालं तर मग.’

त्यांनी हात गार पाण्यात बुडवून पुसले आणि मैद्याला असा हात लावला की जणू तो गिऱ्हाइकाचा आहे आणि आधीच तडकलाय. गोळा ओबडधोबड झाला. लाटताना कडा फाटल्या. पण भाजल्यावर पापुद्रे सुटले, हे मला शपथेवर सांगता येईल, कारण ते जळल्यानंतरही मला मोजता आले असते.

हो, जळला. त्याचं असं झालं. अंजिरं चिरून, साखर, लिंबाचा रस आणि चमचाभर कॉर्नफ्लोअर घालून बाबांनी सगळं नीट भरलं. झाकण लावलं, ओव्हनमध्ये ठेवलं. मी बाहेर दोरीवरचे कपडे काढत होते. आत आले तर ओव्हनच्या फटीतून धूर येतोय आणि बाबा त्याच्यासमोर उभे, मान जरा वर, नाक पुढे. वाट बघत.

‘बाबा! जळतंय!’

त्यांनी दचकून ओव्हन बंद केला. झाकणाचा कोळसा झाला होता.

‘आई म्हणायची,’ ते म्हणाले, ‘वास आला की काढायचा.’

‘तुम्हाला वास येत नाही, बाबा.’

‘माहीत आहे गं. तरी उभा राहिलो.’ फडक्याने ते ओव्हनची कड पुसत राहिले. तिथं पुसण्यासारखं काही नव्हतं. ‘कपाटात तिची शाल आहे. रोज नाकाला लावून बघतो. नुसती लोकर लागते.’

मला रडू आलं आणि रडू आलं की मी ओरडते. म्हणून मी त्या ओव्हनवर ओरडले. दाराची काच बघा, म्हटलं, तेलाने काळीकुट्ट झालीय, आत हत्ती भाजला तरी दिसायचा नाही! काचवाल्याच्या घरात ही काच! लोकांच्या खिडक्या चकाचक आणि आपल्या घरी अंधार!

बाबांनी वाकून काचेकडे बघितलं. खूप वेळ. मग त्यांनी चष्मा लावला आणि परत बघितलं. मला तेव्हा कळलं नाही, पण माझ्या ओरडण्याचा आयुष्यात एकदाच उपयोग झाला.

दुसऱ्या दिवशी गेले तर ओव्हनचं दार टेबलावर, सुटं. बाबांनी जुन्या दुकानातून भट्टीत चालणारी काच मापाने मागवली होती. ती त्यांनी बसवली, आणि ती अशी बसवली की आत पेटलेल्या ज्योतीचा निळा रंगसुद्धा दिसावा. धातूची थाळी त्यांनी कपाटात टाकली आणि काचेचं भांडं काढलं, म्हणजे झाकण्याचं बूड लाल झालं की कच्चं आहे ते खालून कळेल. त्यासाठी अंजिराच्या झाडावरचा एक आरसा उतरवून आणला. भांडं फडक्याने उचलून आरशावर धरायचं, बूड बघायचं, परत आत. ‘हातच्या कांकणाला आरसा कशाला’ म्हणतात, पण झाकण्याच्या बुडाला लागतो.

आणि झाकणाला चिरा पाडताना मी त्यांचे हात पाहिले. काच कापायच्या हिऱ्याने रेघ ओढतात तशी एकेक चीर, एकाच ओढीत. ‘रेघ एकदाच ओढायची,’ ते म्हणाले. ‘परत तिच्यावरून गेलीस की काच हट्टाला पेटते, मग कुठंही फुटते. माणसांचंही तसंच आहे, पण तुला सांगून उपयोग नाही.’

मग ते ओव्हनसमोर स्टूल घेऊन बसले. चिरांमधून रस वर आला. आधी पाण्यासारखे भराभर बुडबुडे. बाबा हलले नाहीत. मग बुडबुडे जाड झाले, सावकाश यायला लागले, एक फुटला की दुसरा विचार करून येई. ‘आता,’ बाबा म्हणाले, आणि आरशात बूड बघून ओव्हन बंद केला. मग त्यांनी शेगडीच्या सगळ्या बटणांवरून ओळीने बोटं फिरवली. हे ते त्या गॅसच्या दुपारपासून करत होते. येता-जाता, शेगडी पेटवलेली असो वा नसो. पाणी प्यायला उठले तरी बटणांना हात लावून यायचे. मला ते बघून चीड यायची. आता सांगते, यायची.

तो झाकण्या आम्ही दोघांनी उभ्याउभ्या संपवला. अंजिरांच्या बिया बाबांच्या कवळीखाली गेल्या, ती धुऊन परत बसवून ते पुन्हा खायला आले. ‘गोड आहे एवढं कळतंय,’ ते म्हणाले. ‘बाकीचं तू सांग.’ मी सांगितलं. तोंड भरलेलं होतं, तरी बरंच सांगितलं.

रविवारी ताई आली ती रिकामी खोकी घेऊनच. चार-पाच, एकात एक घातलेली. निकालाच्या आधी सामान! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण बाबांनी माझ्याकडे बघितलं आणि मी ओठ मिटले.

झाकण्या टेबलावर होता. बाबांनी तो ताईच्या समोरच ओव्हनमधून काढला होता. पिवळा-लाल, चिरांच्या कडेला रस वाळलेला. घरभर वास. ताईने भांडं सगळ्या बाजूंनी बघितलं, खालूनही बघितलं. परीक्षक कसा असावा तर असा.

‘गार व्हायला हवा,’ बाबा म्हणाले. ‘आत्ता कापला तर रस पळेल. तोवर मी झाडावरचे आरसे उतरवतो, अंजिरं संपत आलीत.’ आणि ते मागच्या अंगणात गेले.

‘मी चहाचं दूध ठेवते,’ ताई म्हणाली. तिने दूध शेगडीवर ठेवलं, खोकी उचलली आणि सरळ बाबांच्या खोलीत गेली. मी मागोमाग. बाबांना ऐकू जाऊ नये म्हणून दार लावून घेतलं आणि मग भांडले.

‘अजून चव घेतली नाहीस आणि कपाट उघडतेस?’

‘हिवाळी कपडे तरी बांधून ठेवते.’

‘तू आधीच नापास केलंयस त्यांना! तुला एकदा पास करताना काय होतं गं? पोटात दुखतं?’

‘पास केलेली माणसं रस्त्यावर मरतात, ठिणगे,’ ताई म्हणाली. आवाज चढवला नाही. ‘नापास केलेली घरी जातात. त्या दिवशी मी दार उघडलं तेव्हा मला वाटलं, बाबा गेले. हाक मारली तर उत्तर नाही. तुला सांगायला सोपं आहे, तू ती मान बघितली नाहीस. मला अजून दिसते. कुणी गाडीत शेजारी मान टाकली तरी दिसते.’

मला बोलायचं होतं. मी तोंड उघडलंही. तेवढ्यात ताईने वरच्या फळीवरचं स्वेटर ओढलं आणि त्याच्याबरोबर आईची शाल खाली आली.

ताईने ती उचलली आणि नाकाला लावली. मग एक टोक माझ्याकडे केलं. मीही लावलं. येत होता. साबण, लवंग आणि आईचा स्वतःचा असा काहीतरी, ज्याला नाव नाही. आम्ही दोघी पलंगाच्या कडेवर बसलो, शाल दोघींच्या तोंडावर. किती वेळ ते देव जाणे. ताई हुंदके देत नव्हती, नुसती ओली होत होती. मी देत होते.

दार उघडलं. बाबा उभे होते, एका हातात आरशांचा गुच्छ.

‘दूध उतू गेलंय,’ ते म्हणाले. ‘ज्योत विझली होती. गॅस चालू होता. बंद केलाय, खिडक्या उघडल्यात. दहा मिनिटं काडी ओढू नका.’

आणि ते परत गेले.

घरात चालू असलेली दोन नाकं, ती दोन्ही आईच्या शालीत होती. आणि जे नाक बंद, त्याने घर वाचवलं. नाकाने नव्हे म्हणा; आत येताना पाणी प्यायला गेले असतील आणि बटणांवरून हात फिरवला असेल.

आम्ही स्वयंपाकघरात गेलो. शेगडीवर, ओट्यावर, ओव्हनच्या नव्या काचेवर दुधाचे ओघळ. बाबा ते पुसत होते. ताई पांढरी पडली होती. मी असं तिला कधी बघितलं नव्हतं. आई गेली तेव्हाही नाही.

‘मी मुद्दाम ठेवला होता,’ ती म्हणाली.

मी बघतच राहिले.

‘चालू ठेवला होता मुद्दाम. तुम्हाला कळतंय का ते बघायला.’ आणि तिची उजवी दाढ रिकामी चावत होती.

अगं बाई, आधी दूध उतू घालवून कोण परीक्षा घेतं! चोराच्या उलट्या बोंबा! माझ्या जिभेच्या टोकावर सगळं तयार होतं, कितीतरी वर्षांचं. परीक्षा घेणारीच नापास, आणि तीही आमच्या ओट्यावर, दुधासकट! पण बाबांनी फडकं पिळता पिळता माझ्याकडे नुसतं बघितलं. रेघ एकदाच ओढायची. मी गिळलं. त्या दिवशी मी जे गिळलं ते कवळीवाल्या माणसाला गिळता आलं नसतं.

‘असं होय,’ बाबा म्हणाले. ‘मग? निकाल काय?’

ताईची दाढ थांबली.

‘मला कळलं की नाही?’ बाबांनी विचारलं. ‘वास न येता?’

‘कळलं.’

‘मग पास का नापास, ते नीट सांग. निकाल कळवायची काही पद्धत आहे ना तुमच्यात?’

‘पास,’ ताई म्हणाली, आणि खुर्चीवर बसली. मग ती रडली. ती रडतानाही ताठ बसते. ‘बाबा, मी आले नसते त्या दिवशी तर—’

‘आलीस ना पण.’

‘आणि आज तुम्ही अंगणातून आला नसतात तर?’

‘आलो ना पण,’ बाबा म्हणाले. त्यांनी फडकं वाळत टाकलं, हात धुतले आणि सुरी घेतली.

झाकण्या गार झाला होता. रस बसला होता. बाबांनी एकाच ओढीत कापला, बशीत पहिला तुकडा काढला आणि काही न बोलता ताईच्या पुढ्यात ठेवला.

‘मी रुसले नाहीये,’ ताई म्हणाली.

‘बरं. मग खा.’

तिने खाल्ला. मी तिच्या जबड्याकडे बघत होते, माझा धंदाच तो. दोन्ही बाजूंनी चावत होती, सावकाश, लहानपणी चावायची तशी. बशी पुसून खाल्ली आणि दुसरा तुकडा मागितला. ‘आईचा थोडा जास्त आंबट असायचा,’ म्हणाली. मी म्हटलं, झालं, काढला दोष. ती म्हणाली, दोष नाही, सांगतेय. बाबा म्हणाले, पुढच्या वर्षी लिंबू वाढवतो. पुढच्या वर्षी म्हणाले आणि ताईने मान हलवली.

निघताना तिने खोकी तशीच एकात एक घालून उचलली. बाबांनी घडी घातलेली आईची शाल वरच्या खोक्यात ठेवली.

‘ही तू ने. माझ्याकडे वाया जातेय.’

ताई शाल घेऊन गेली. फाटक वाजलं, गाडीचं दार वाजलं. पण गाडी सुरू झाल्याचा आवाज येईना. मी खिडकीतून बघितलं. ती स्टिअरिंगशी बसून होती, समोर बघत, शेजारच्या सीटवर खोकी. मग ती उतरली आणि परत दारात आली.

‘बाबा, मी निघताना माझ्या घरचा गॅस बंद केला का, मला आठवतच नाहीये.’

मी तिच्या तोंडाकडे बघितलं. तिची उजवी दाढ काही नसताना चावत होती.

या खेपेला मला राग आला नाही. तिच्या फ्लॅटमधली ती मागची खोली मला दिसली, पूर्वेच्या खिडकीची, रिकामी करून ठेवलेली, आणि रोज संध्याकाळी कामावरून येऊन कुलूप उघडणारी माझी ताई. इतके दिवस ती ‘बाबांना एकटं ठेवता येणार नाही’ म्हणत होती. आम्ही सगळे ते बाबांबद्दल आहे असं धरून चाललो होतो.

‘बघायला हवं मग,’ बाबा म्हणाले. ‘गॅसचं काही सांगता येत नाही.’ त्यांनी उरलेला झाकण्या फडक्यात बांधला, शेगडीच्या बटणांवरून एकदा बोटं फिरवली आणि चपला घातल्या.

‘बाबा,’ मी हळूच म्हटलं, ‘ताई ना—’

‘माझं नाक गेलंय, ठिणगे,’ ते म्हणाले, ‘डोळे नाही.’

ताईने खोकी मागच्या सीटवर टाकली आणि त्यांच्यासाठी पुढचं दार उघडलं. बाबा झाकण्या मांडीवर घेऊन तिच्या शेजारी बसले. तिने आरशात बघितलं, मग मागे वळून बघितलं, आणि गाडी काढली.